फोकस पुलरच्या जागेवरून

माननीय संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवार पुरवणीत छायाचित्रणावर पानभर लेख आला. पानभर लेख, आणि तोही कॅमेरामनवर, म्हणजे आमच्या जमातीला अप्रूपच. पूर्वार्ध मी दोनदा वाचला. उत्तरार्धातल्या एका वाक्यावर मात्र अडखळलो आणि गेले चार दिवस तिथेच अडकून आहे. लेखकाचे म्हणणे असे की, आज विनोदी, उद्या भयपट, परवा संतपट अशा सगळ्याच प्रकारांना हात घालणाऱ्या छायालेखकाची स्वतःची शैली घडत नाही. तो चांगला कारागीर होतो, कलावंत होत नाही.

मी स्वतः कारागीरच. कॅमेऱ्याच्या पेट्या उचलण्यापासून सुरुवात केली. मग काळ्या चेंजिंग बॅगेत हात घालून मॅगझिनमध्ये, म्हणजे कॅमेऱ्याच्या फिल्मच्या डब्यात, फिल्म भरायला शिकलो, मग क्लॅप मारली, आणि पुढे तेवीस वर्षे फोकस पुलर होतो. त्यातली एकोणीस एकाच कॅमेरामनकडे गेली. त्यांचे नाव इथे लिहीत नाही. ते आता थकले आहेत आणि आपल्यावरून वर्तमानपत्रात वाद झालेला त्यांना मुळीच आवडणार नाही. आम्ही सगळे त्यांना दादा म्हणायचो. दादांनी तमाशापट केले, भुताचा केला, कोर्टाचा केला, लहान मुलांचा केला, दोन संतपट केले. मधल्या काळात जाहिराती आणि माहितीपट, आणि अगदीच काम नव्हते तेव्हा मालिका. म्हणजे लेखकमहाशयांनी ज्याला कारागिरांच्या रांगेत बसवले, तो माणूस मी एकोणीस वर्षे हातभर अंतरावरून पाहिला आहे.

फोकस पुलर काय करतो हे बहुतेकांना ठाऊक नसते, म्हणून दोन ओळी. नट हलतो, कॅमेरा हलतो, आणि दोघांमधले अंतर सतत बदलत असते. ते ओळखून लेन्सची रिंग फिरवत राहायचे, म्हणजे चेहरा धूसर होत नाही. माझ्या काळी बाजूला मॉनिटर नसायचा. शॉटआधी टेपने अंतर मोजायचे, जमिनीवर खडूने किंवा चिकटपट्टीने खुणा करायच्या आणि शॉट सुरू झाला की डोळ्यांनी फूट-इंच मोजत राहायचे. चूक झाली की ती दोन-तीन दिवसांनी, लॅबमधून रश प्रिंट, म्हणजे धुतलेल्या फिल्मची पहिली कच्ची प्रत, आल्यावर कळायची. तोवर सेट मोडलेला असे.

त्यामुळे चित्रपट कुठल्या प्रकारचा आहे हे मला पटकथेवरून नव्हे, स्टॉपवरून, म्हणजे लेन्सचे तोंड किती उघडे आहे त्या आकड्यावरून, कळायचे. विनोदी चित्रपट म्हणजे सुट्टीच. अठ्ठावीस मिलिमीटरची रुंद लेन्स, स्टॉप ५.६, माणसे दहा फुटांवर. साडेसहा फुटांपासून वीस-बावीस फुटांपर्यंत सगळे स्वच्छ. नटांनी हवे तसे नाचावे, मी रिंगवर हात ठेवून गंमत पाहत उभा. प्रेमगीत म्हणजे शिक्षा. पंच्याऐंशीची लांब लेन्स, स्टॉप २, नायिका सहा फुटांवर. तिथे स्वच्छ दिसणारा पट्टा मिळतो तो दोन इंचांहूनही कमी. पापणी स्पष्ट असली तर कान गेलेला असतो. तिने श्वास घेऊन जरा पुढे झुकायचे ठरवले की माझ्या पाठीवरून घाम. भुताच्या चित्रपटात दिवे कमी म्हणून स्टॉप उघडा, आणि सगळेच अंधारात म्हणून खुणा दिसत नाहीत. ही माझी प्रकारांची वर्गवारी. समीक्षकांची वेगळी असेल.

आता मुद्द्यावर येतो. लेखात शैलीवान छायालेखकाचे उदाहरण म्हणून व्ही. के. मूर्ती यांचे नाव घेतले आहे. 'कागज के फूल'मधला तो प्रकाशाचा झोत, रिकाम्या स्टुडिओत वरून उतरणारा. त्याबद्दल वाद नाहीच. १९५९ साली, भारतातल्या पहिल्या सिनेमास्कोप, म्हणजे रुंद पडद्याच्या, चित्रपटात, बाहेरचे ऊन आरशावर घेऊन, दुसऱ्या आरशावरून स्टुडिओत टाकून त्यांनी तो झोत मिळवला. आमच्या पिढीतल्या प्रत्येक असिस्टंटने ही गोष्ट पंचवीस वेळा ऐकली आहे आणि एकदा तरी आरसा घेऊन हात भाजून घेतला आहे. पण लेखकाने मूर्तींची मधली वर्षे वगळली. १९५४ चा 'आरपार', १९५५ चा 'मिस्टर अँड मिसेस ५५', १९५६ चा 'सीआयडी', हे सगळे मूर्तींचेच. एक टॅक्सीवाल्याची आणि गुन्हेगारांची गोष्ट, एक निखळ विनोदी, एक खुनाच्या तपासाचा. आणि १९५७ ला 'प्यासा'. 'मिस्टर अँड मिसेस ५५'मध्ये मूर्तींनी 'प्यासा'सारखा उजेड केला असता, तर मधुबालाच्या खट्याळपणावर दुखवट्याची छाया पडली असती. त्यांनी तसे केले नाही. मग त्या वर्षी त्यांच्याकडे शैली नव्हती आणि दोन वर्षांनी अचानक आली असे म्हणायचे का? छायालेखकांमध्ये दादासाहेब फाळके पुरस्कार मिळालेले पहिले ते. २००८ सालचा तो पुरस्कार केवळ एका झोतासाठी नसावा.

के. के. महाजन यांच्या बाबतीतही तसेच. लेखात त्यांना 'समांतर सिनेमाचे छायालेखक' म्हटले आहे. खरेच आहे. फिल्म इन्स्टिट्यूटमधून १९६६ साली बाहेर पडलेला हा माणूस. मृणाल सेन यांचा 'भुवन शोम', बासू चटर्जींचा 'सारा आकाश', मणी कौल यांचा 'उसकी रोटी', कुमार शहानींचा 'माया दर्पण', या सगळ्यांवर त्यांचा हात आहे आणि छायाचित्रणाचे चार राष्ट्रीय पुरस्कार त्यांच्या नावावर आहेत. 'उसकी रोटी' दोन लेन्सवर उभा आहे, अठ्ठावीस आणि एकशे पस्तीस. माझ्यासारख्याला एकशे पस्तीस म्हणताच पोटात गोळा येतो, तो भाग वेगळा. पण महाजनांनीच १९७४ साली 'रजनीगंधा'ही केला. टॅक्सीच्या खिडकीशी बसलेली विद्या सिन्हा, वाऱ्याने उडणारे केस, पदर, बाहेर सरकणारी मुंबई. तिथे कॅमेरा काहीही सिद्ध करू पाहत नाही. 'उसकी रोटी'त जो माणूस एकेका चौकटीत प्रेक्षकाला थांबवून ठेवतो, तोच इथे खिडकीतून सहज बाहेर बघू देतो. माझ्या मते 'रजनीगंधा' त्याला जमला तो 'उसकी रोटी' केल्यामुळे. कुठे हात लावायचा नाही, हे त्याला त्याआधीच कळलेले होते.

हे मी अंदाजाने म्हणत नाही. एका चित्रपटात शिकलेली गोष्ट दुसऱ्या, अगदी भलत्याच चित्रपटात कशी उगवते, ते दादांकडे मी पाहिले आहे.

एकदा हातमाग कामगारांवरचा माहितीपट होता. तीन माणसांचे युनिट, दिवे नाहीत, वीज बेभरवशाची. अंधाऱ्या खोलीत म्हातारा मागावर बसलेला आणि त्याच्या पाठीमागे उघडे दार, बाहेर ऊन रणरणते. उजेड मोजायच्या मीटरवर चेहऱ्याचे रीडिंग आणि दाराचे रीडिंग यांत पाच स्टॉपचा, म्हणजे फार मोठा, फरक. चेहरा धरला तर दार पांढरेफट, दार धरले तर माणूस काळा. दादा थोडा वेळ मीटर हातात घेऊन उभे राहिले आणि म्हणाले, "दार धर. म्हातारा हातांवरून कळेल." तसेच घेतले. रश पाहताना लक्षात आले की अंधारातल्या माणसाकडे आपण कमी बघतो आणि त्याच्या मागच्या रिकाम्या दाराकडे जास्त. कोणी येणार आहे असे वाटत राहते.

दोन वर्षांनी भुताचा चित्रपट आला. निर्मात्याला निळा उजेड हवा होता. रात्र म्हणजे निळी, ही समजूत कुठून आली देव जाणे. निळ्या जिलेटिनचा, म्हणजे दिव्यापुढे लावायच्या रंगीत पारदर्शक कागदाचा, रोल त्याने आधीच आणून ठेवला होता. दादांनी तो रोल माझ्याकडे देऊन सांगितले, "नीट जपून ठेव." म्हणजे वापरायचा नाही. वाड्यातल्या ओसरीवर पुढे बसलेल्या माणसांना एक कंदील, आणि आत, लांबच्या खोलीच्या दारात, दिसेल न दिसेल असा एक 'बेबी', म्हणजे छोटा दिवा, बटर पेपर लावून. पुढच्या चेहऱ्यांपेक्षा मागचे दार थोडे उजळ. बाकी काही नाही. थिएटरमध्ये लोक बोलणाऱ्या माणसांकडे बघतच नव्हते, त्या दाराकडे बघत होते. सबंध चित्रपटात त्या दारातून काहीही येत नाही. हे भय मागावर बसलेल्या म्हाताऱ्याकडून आलेले आहे. आपल्या लेखकांच्या सल्ल्यानुसार दादांनी फक्त भयपटच केले असते, तर निळे जिलेटिन वापरले असते.

दुसरी गोष्ट कपडे धुण्याच्या पावडरीच्या जाहिरातीची. दोन दिवस फक्त एक पांढरा सदरा. कंपनीच्या माणसाला सदरा पांढराशुभ्र हवा, आणि दादांना त्यातली वीण दिसायला हवी. दादा एकेका घडीचे स्पॉट मीटरने रीडिंग घ्यायचे. उजेड मोजताना आधार धरतात त्या मधल्या करड्या छटेपासून अडीच स्टॉपच्या वर गेले की प्रिंटवर वीण जाते आणि पांढरा डाग उरतो, हे त्या दोन दिवसांत युनिटमधल्या सगळ्यांना तोंडपाठ झाले. मला तेव्हा वैताग आला होता. हातात कॅमेरा असताना माणूस सदऱ्याकडे बघत बसतो, ही काय शिक्षा!

मग संतपट आला. भर उन्हात, नदीच्या वाळवंटात, उन्हाने रापलेल्या काळ्या चेहऱ्याचा नट आणि अंगावर पांढरे धोतर, पांढरी बंडी, पांढरी दाढी. त्वचा धरली तर धोतर फुटते, धोतर धरले तर चेहरा कोळसा. दादांनी काय केले? कपडे चहाच्या पाण्यातून काढून वाळवले, म्हणजे पांढऱ्याचा भडकपणा गेला आणि डोळ्यांना ते पांढरेच दिसत राहिले. ही जुनी युक्ती आहे, त्यांची नव्हे. पण किती वेळ बुडवायचे याचा हिशोब त्यांनी मीटर लावून, सदऱ्याच्या घड्या आठवून केला. चेहऱ्याकडे थर्माकोलने थोडा उजेड परतवला. पडद्यावर तो माणूस स्वच्छ आणि गरीब एकाच वेळी दिसला. चहाचे पाणी कोणाच्या लक्षात यायचे कारण नव्हते. समीक्षेत 'भक्तिरसात न्हाऊन निघालेले छायाचित्रण' असे आले. आम्ही हसलो, न्हाले होते ते धोतर.

जाता जाता एक गोष्ट सांगतो, लेखात नव्हती पण असायला हवी होती. दोन वेगळ्या वर्णांचे नट एका चौकटीत आले की कॅमेरामनची खरी परीक्षा असते. एकाला पुरणारा उजेड दुसऱ्याला पुरत नाही. घाईतला कॅमेरामन गोऱ्या चेहऱ्यावर उजेड मोजतो आणि सावळा माणूस भिंतीत जातो. दादा नेहमी सावळ्या चेहऱ्यावर मोजायचे आणि गोऱ्याच्या दिव्यापुढे जाळी लावून अर्धा स्टॉप खाली आणायचे. तमाशापट असो की कोर्टाचा, यात कधी बदल झाला नाही. याला शैली म्हणायचे की नाही ते लेखकांनी ठरवावे.

आता त्यांच्या बाजूचेही सांगतो, नाहीतर हे पत्र म्हणजे आरती होईल. प्रकार बदलताना माणूस घसरतो आणि दादाही घसरले होते. एक गंभीर, पुरस्कारांचा चित्रपट संपवून आठ दिवसांत आम्ही विनोदी चित्रपटाच्या सेटवर गेलो. दादांच्या डोक्यातून आधीचा चित्रपट उतरला नव्हता. उजेड वरून, एका बाजूने, खिडकीसारखा. फार देखणा. तीन दिवसांचे काम लॅबच्या प्रीव्ह्यू थिएटरात पाहिले आणि कोणी हसले नाही. संवाद तेच, नट तेच. शेवटी एक जुने विनोदी नट म्हणाले, "दादा, सगळं छान आहे, पण माझे डोळे कुठे गेले?" बरोबर होते. वरून उजेड आला की भुवयांची सावली डोळ्यांत पडते, आणि विनोदी नटाचे अर्धे काम डोळ्यांत असते. तो आधी डोळ्यांनी लबाडी करतो, मग तोंडाने बोलतो. डोळे दिसले नाहीत तर नुसते बोलणे उरते. दादांनी निर्मात्याला चूक आपली असल्याचे सांगितले आणि दोन प्रसंग पुन्हा घेतले. त्या दिवशीपासून विनोदी प्रसंगात ते स्वतः नटाच्या समोर उभे राहून त्याच्या डोळ्यात दिव्याचा ठिपका दिसतो का ते बघायचे. पुढे कोर्टाच्या चित्रपटात साक्षीदाराच्या डोळ्यांतही तो ठिपका ते शोधत. खोटे बोलणारा साक्षीदार आणि विनोदी नट, दोघांचेही डोळे दिसले पाहिजेत असे त्यांचे म्हणणे.

त्याच कोर्टपटात त्यांनी विनोदी चित्रपटाची लेन्स वापरली. अठ्ठावीस, ५.६. पुढे वकील, मागे पिंजऱ्यात साक्षीदार, त्याच्याही मागे बाकावर साक्षीदाराची बायको. तिघेही स्वच्छ. दिग्दर्शकाला क्लोजअप हवे होते. दादा म्हणाले, "घेऊ की. आधी हा घेऊ, मग लागलं तर बघू." लागले नाही. वकील बोलत असताना बायकोचा हात पदराशी चाळा करतो, ते ज्याला दिसले त्याला दिसले. विनोदी चित्रपटांनी दादांना हे शिकवले होते की दोन माणसांमधले अंतर कापले की त्यांच्यातली गंमतही कापली जाते. कोर्टात गंमत नव्हती, पण अंतर होतेच.

मालिकांबद्दल मी फार बोलणार नाही. तीन कॅमेरे, चारही बाजूंनी सपाट उजेड, दिवसाला एक आख्खा भाग उरकायचा. तिथे दादा काही शिकले असे मला वाटत नाही. वेग शिकले, असे ते स्वतः म्हणत. संध्याकाळचे ऊन दहा मिनिटांत जाते तेव्हा वेगही उपयोगी पडतो, इतके मान्य करतो. पण लेखात 'पोटासाठी केलेली कामे' म्हणून ज्यांची टर उडवली आहे, त्या कामांवरच सात-आठ माणसांचे कॅमेरा युनिट वर्षभर जगते, हेही लिहिणाऱ्याने लक्षात ठेवावे. चारशे फुटांचा कॅन म्हणजे साडेचार मिनिटांहून कमी. तो वाया जाऊ नये म्हणून दमलेल्या हातांनी कॅमेऱ्याचे गेट, म्हणजे फिल्म लेन्ससमोर येते ती चौकट, तपासणारा, फिल्मचा एखादा बारीक तंतू अडकला आहे का ते बघणारा पोरगा अशा कामांवरच तयार होतो. मी झालो.

हे काही नवे नाही. आपल्याकडे प्रभातमध्येच बघा. व्ही. अवधूत यांनी १९३६ साली दामले-फत्तेलाल यांचा 'संत तुकाराम' चित्रित केला, १९३७ साली शांताराम बापूंचा 'कुंकू' आणि १९३९ साली 'माणूस'. चार वर्षांच्या आत एक संत, एक म्हाताऱ्याशी लग्न लावून दिलेली मुलगी, आणि एक पोलिस शिपाई व वेश्या. तुकारामाच्या अंगणातला मोकळा उजेड आणि 'माणूस'मधल्या गल्लीतला उजेड एकाच हाताचे आहेत. अवधूत यांना कोणी 'तुमचा प्रकार कोणता?' असे विचारले असेल का? स्टुडिओची नोकरी होती, जो चित्रपट आला तो करायचा. त्या सक्तीतून काय निघाले ते आपण अजून बघतो आहोत.

अशोक मेहता तर आमच्यासारख्यांचे दैवत. कुठल्या शाळेत न जाता, सेटवर अगदी खालून वर आलेला माणूस. '३६ चौरंगी लेन'मधल्या एकाकी शिक्षिकेचे घर त्यांचेच, 'राम लखन' त्यांचा, 'खलनायक' त्यांचा आणि 'बँडिट क्वीन'मधले चंबळचे खोरेही त्यांचेच. पहिल्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तिसऱ्यातले गाणे लोकांना अजून तोंडपाठ आहे. आणि आत्ताचे घ्या. २०१० साली महेश लिमये यांचा 'नटरंग' आला आणि त्याच वर्षी 'दबंग'ही. अविनाश अरुण यांचे २०१५ साली 'मसान' आणि 'दृश्यम' दोन्ही आले, आणि स्वतः दिग्दर्शित केलेला 'किल्ला' तर कोकणच्या पावसात भिजलेला. 'किल्ला'तला पाऊस आणि 'दृश्यम'मधला चिखल शेजारी ठेवून बघा. पहिला मुलाच्या एकटेपणाचा आहे आणि दुसरा पुराव्याचा. पाणी तेच.

मग दादांची शैली होती की नव्हती? मला विचाराल तर होती, आणि मी ती डोळे मिटून ओळखेन. कुठल्याही सेटवर आत आले की त्यांचा पहिला प्रश्न, "खिडकी कुठाय?" तुरुंगाची कोठडी असो, तमाशाचा तंबू असो. तंबूला खिडकी नसते, तर ते कनातीला फट शोधायचे. उजेड कुठून येतो हे ठरल्याशिवाय एकही दिवा लावू द्यायचे नाहीत. एकदा कला दिग्दर्शकाने बिनखिडकीची खोली उभी केली होती. दादांनी सुताराला बोलावून भिंतीत चौकोन कापून घेतला. त्यावरून जोरदार भांडण झाले. चित्रपटात ती खिडकी एकदाही दिसत नाही. फक्त सगळ्यांच्या चेहऱ्यांची डावी बाजू उजळ आहे, आणि नायिका रागावली की उजवीकडे तोंड फिरवते, ते तिला कोणी सांगितले नव्हते. मी सेटवर होतो म्हणून मला हे माहीत. लेखकमहाशय थिएटरात होते.

माझी खरी तक्रार त्या एका वाक्याबद्दल नाही, सवयीबद्दल आहे. आपल्या दैनिकातली चित्रपट परीक्षणे मी वर्षानुवर्षे वाचतो. छायाचित्रणाला त्यात बहुधा एकच शब्द मिळतो : 'नेत्रसुखद'. डोंगर दिसला, नेत्रसुखद. परदेश दिसला, नेत्रसुखद. झोपडपट्टीतला चित्रपट असला की 'वास्तववादी'. भुताचा असला की 'गडद'. म्हणजे परीक्षण छायाचित्रणाचे होत नाही, स्थळाचे होते. सुंदर जागी कॅमेरा ठेवला की सुंदर चित्र येते, त्यात कॅमेरामनचे काय? त्याचे काम कळते ते कुरूप खोलीत, चार माणसे बोलत असताना, जेव्हा आपल्याला कोणाकडे बघायचे हे न सांगता कळते. असे चित्रपट वर्षाला दहा येतात आणि त्यांतल्या छायाचित्रणाबद्दल एक अक्षर येत नाही. वेगवेगळ्या प्रकारांत काम करणारा माणूस मग अर्थातच 'शैली नसलेला' ठरतो, कारण त्याच्या प्रत्येक चित्रपटाला वेगळे विशेषण लागते आणि लिहिणाऱ्याकडे तीनच असतात.

लेखक तरुण असावेत. त्यांनी एकदा दोन दिवस कुठल्याही सेटवर कॅमेऱ्याच्या उजव्या हाताला उभे राहून बघावे, ही मनापासून विनंती. आता फिल्म गेली, अलेक्सासारखा डिजिटल कॅमेरा आला, फोकस पुलर मॉनिटरवर बघून दुरून रिमोटने रिंग फिरवतो, आणि उजेड पुढे डीआयमध्ये, म्हणजे संगणकावर रंग-उजेड जुळवताना, बदलता येतो. तरी शॉट सुरू होण्याआधी कॅमेरामन नटाच्या समोर जाऊन त्याच्या डोळ्यांत बघतो, ते अजून बंद झालेले नाही.

आपल्याला एक विनंती. परीक्षणाच्या सुरुवातीला चौकटीत निर्माता, दिग्दर्शक, कलाकार आणि संगीतकार यांची नावे असतात. त्यात छायालेखकाचे नाव घालावे. एक ओळ लागेल. जागा नसेल तर तारे अर्ध्या आकाराचे करावेत.

माझे नाव कृपया छापू नये. तेवीस वर्षांत श्रेयनामावलीत ते दोनदाच आले, आणि त्यातही एकदा चुकीचे. आता पत्राखाली कशाला!

आपला नम्र,
एक निवृत्त फोकस पुलर